स्वमग्न मुलाचे कान अधिक तीक्ष्ण असतात, की मेंदू आवाज निराळ्या रीतीने हाताळतो?

प्रश्न
लेखन : गोदाकाठ

माझा मुलगा नऊ वर्षांचा आहे. साडेतीन वर्षांचा असताना त्याला स्वमग्नता, म्हणजे ऑटिझम, असल्याचे निदान झाले. तो मोजके बोलतो, पण बोलतो ते नेमके असते. त्याच्या ऐकण्याविषयी गेली काही वर्षे मी जे पाहते आहे त्याची संगती मला लावता येत नाही, म्हणून जरा विस्ताराने लिहिते.

आम्ही चौथ्या मजल्यावर राहतो आणि इमारतीची पाण्याची मोटर तळमजल्यावर, जिन्याखाली आहे. ती सुरू झाली की मुलगा हातातले काम थांबवून “पाणी” असे म्हणतो. आम्हा मोठ्यांना त्या वेळी काहीच ऐकू आलेले नसते. काही वेळाने गच्चीवरच्या टाकीत पाणी पडू लागते तेव्हा खात्री पटते. घरात माझ्या सासऱ्यांची जुनी पेटी आहे. मागच्या दिवाळीत शेजाऱ्यांनी दाराला नवी घंटी बसवली. ती पहिल्यांदा वाजली तेव्हा हा पेटीपाशी गेला, एका हाताने भाता धरला आणि काळी पाच व काळी तीन या दोन पट्ट्या एकामागून एक दाबल्या. दोन्ही सूर तंतोतंत जुळले. त्याला पेटी कोणी शिकवलेली नाही. आजोबा वाजवत असताना तो शेजारी बसतो, एवढेच.

हाच मुलगा मिक्सर लागला की दोन्ही तळवे कानांवर घट्ट दाबून घराच्या दुसऱ्या टोकाला, कपाटाच्या आडोशाला जाऊन बसतो आणि चटणी वाटून झाल्यावरही पंधरा-वीस मिनिटे बाहेर येत नाही. मात्र स्वतः स्टीलची दोन ताटे एकमेकांवर आपटत तो दहा दहा मिनिटे आनंदात असतो. तो आवाज मला सहन होत नाही, त्याला होतो. आणि मागे उभे राहून नावाने तीन वेळा हाक मारली तरी तो वळून पाहत नाही. लहानपणी बेरा चाचणी, म्हणजे आवाजाला मेंदूकडून येणारा प्रतिसाद मोजणारी तपासणी, झाली, नंतर ऑडिओमेट्रीही झाली. दोन्हींचे अहवाल नॉर्मल आहेत.

आधीच्या शाळेत त्याची जागा एका जुन्या ट्यूबलाइटच्या खाली होती. तिचा चोक गुणगुणत असे आणि हा दर तासाला जागेवरून उठून दाराशी जाऊन उभा राहत असे. जागा बदलून द्यावी अशी आम्ही तीनदा विनंती केली. त्याला शिस्त लागावी म्हणून तिथेच बसवणे योग्य आहे, असे उत्तर मिळाले. अखेर आम्ही शाळा बदलली. नातेवाईक म्हणतात, “मोटर ऐकू येते, मग आईची हाक कशी ऐकू येत नाही? सगळं कळतं त्याला.” या वाक्याला मला आजवर उत्तर देता आलेले नाही, आणि त्याचे मला वाईट वाटते.

त्याचे कान खरोखरच इतरांपेक्षा तीक्ष्ण आहेत का? नसतील, तर मेंदूत नेमके काय निराळे घडते? एकाच मुलाच्या बाबतीत इतके सूक्ष्म ऐकणे, इतका त्रास आणि इतके न ऐकणे एकत्र कसे नांदते? हा त्रास कमी करण्याच्या प्रयत्नात त्याचे ते सूरज्ञान आपण मारून टाकू का, ही भीतीही मला आहे.


प्रतिसाद १
लेखन : श्रुतिभेद

मी संवेदन आणि मेंदू या विषयात संशोधन करतो, वैद्य नाही. त्यामुळे आपल्या मुलाविषयी वैद्यकीय सल्ला देणार नाही, पण या विषयात जे ठाऊक आहे ते क्रमाने मांडतो.

कानाविषयीचे उत्तर आधी देतो, कारण ते सर्वांत सोपे आहे. ऑडिओमेट्रीत मोजतात तो ऐकण्याचा उंबरठा, म्हणजे किती मंद आवाज जेमतेम ऐकू येतो ती पातळी. या अर्थाने आपल्या मुलाचे कान इतरांसारखेच आहेत, हे अहवालच सांगतात. डोळ्यांच्या बाबतीत अशीच एक गोष्ट घडली होती. २००९ मध्ये केंब्रिजच्या एका गटाने असा निष्कर्ष प्रसिद्ध केला की स्वमग्न व्यक्तींची दृष्टी शिकारी पक्ष्यासारखी तीक्ष्ण असते. त्याच वर्षी दृष्टितज्ज्ञांनी दाखवून दिले की ज्या पडद्यावर आणि जितक्या अंतरावरून ती चाचणी घेतली, त्यांत इतकी तीक्ष्ण दृष्टी मोजताच येत नव्हती. पुढे काळजीपूर्वक घेतलेल्या मोजमापांत फरक आढळला नाही. तो जुना दावा पालकांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांत अजूनही फिरत असतो, म्हणून मुद्दाम सांगितले.

फरक पडतो तो कानाच्या पुढच्या टप्प्यावर. दोन सूर एकमेकांपासून किती कमी अंतरावर असताना वेगळे ओळखता येतात, हे २००३ मध्ये माँट्रियलच्या संशोधकांनी तपासले, तेव्हा स्वमग्न गट सरस ठरला. त्याआधी १९९८ मध्ये पामेला हीटन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी संगीत न शिकलेल्या मुलांना एकेका सुराची जोडी एकेका प्राण्याच्या चित्राशी लावून दिली होती. नंतर नुसता सूर ऐकून प्राणी ओळखण्यात स्वमग्न मुले पुढे होती. शेजाऱ्यांची घंटी ऐकून पेटीपाशी जाणे हे याच जातीचे काम आहे. मात्र हे सर्वांमध्ये आढळत नाही. २००९ मध्ये लंडनमध्ये ७२ स्वमग्न किशोरवयीनांची तपासणी झाली. त्यांतल्या साधारण पाचांतील एकाची सूर ओळखण्याची क्षमता असाधारण होती, बाकीच्यांची सर्वसामान्य होती. आपला मुलगा त्या पाचातला एक दिसतो.

हे कशामुळे घडते याविषयी माँट्रियलचे लॉरां मोत्रों यांनी मांडलेली भूमिका मला सर्वाधिक पटते. त्यांच्या मते स्वमग्न मेंदूत प्रत्यक्ष संवेदनाला अधिक जागा आणि अधिक स्वायत्तता असते. एखादी आकृती पाहताना बहुतेकांच्या मेंदूत “हे काय आहे” हे ठरवणारे वरचे स्तर लगेच ताबा घेतात आणि तपशील मागे पडतो. स्वमग्न व्यक्तीत तपशील मागे पडत नाही. अर्थ लावणे हवे तेव्हा करता येते, पण ते सक्तीचे नसते. २०१२ मध्ये त्यांच्या गटाने दृष्टीविषयीच्या अनेक मेंदूचित्रण-अभ्यासांचे एकत्रित विश्लेषण केले. पाहण्याचे काम करणाऱ्या मागच्या भागांत स्वमग्न व्यक्तींमध्ये अधिक हालचाल दिसली आणि कपाळामागच्या, नियोजन व नियंत्रण करणाऱ्या भागांत कमी. उटा फ्रिथ यांनी १९८९ मध्ये याच तपशीलप्रेमाचे स्पष्टीकरण वेगळे दिले होते: समग्राकडे जाणारी ओढ दुबळी असते, म्हणून सुटे भाग ठळक दिसतात. एकाच निरीक्षणाला एका बाजूने उणीव म्हणता येते आणि दुसऱ्या बाजूने बळ, आणि ते काय म्हटले यावर मुलाशी वागणे पुष्कळ अवलंबून राहते.

आता मोटर. जिन्याखालच्या मोटरची कंपने नळांतून आणि भिंतींतून आपल्याही कानापर्यंत येत असण्याची शक्यता मोठी आहे. आपला मेंदू तो आवाज निरुपयोगी ठरवून बाजूला सारतो, इतका की तो आला होता हेही आपल्याला कळत नाही. ही बाजूला सारण्याची क्रिया मुख्यतः दडपणाऱ्या चेतापेशींवर अवलंबून असते आणि त्या गाबा नावाचे रसायन वापरतात. स्वमग्नतेत उत्तेजन आणि दडपण यांचा तोल उत्तेजनाकडे झुकलेला असावा, ही कल्पना रूबेनस्टाइन आणि मर्झेनिच यांनी २००३ मध्ये मांडली. २०१६ मध्ये कॅरोलाइन रॉबर्टसन यांच्या गटाने तिची एक सुरेख परीक्षा घेतली. दोन डोळ्यांना दोन वेगळी चित्रे दाखवली की मेंदू आळीपाळीने एक चित्र दडपतो आणि दुसरे पाहतो. स्वमग्न व्यक्तींमध्ये ही अदलाबदल सावकाश होते आणि चित्र पुरते दडपलेही जात नाही. इतरांमध्ये मेंदूतील गाबाच्या प्रमाणावरून दडपण्याची ताकद सांगता येत होती. स्वमग्न गटात गाबाचे प्रमाण तेवढेच असूनही हा संबंध तुटलेला दिसला. रसायन आहे, पण त्याचे काम नेहमीसारखे होत नाही, असा त्याचा अर्थ घेतला जातो.

ताटे आणि मिक्सर यांतला फरक मला फार महत्त्वाचा वाटतो. १९४३ मध्ये लिओ कॅनर यांनी ज्या अकरा मुलांच्या वर्णनातून स्वमग्नता वैद्यकाच्या नकाशावर आणली, त्या मुलांना धूळ ओढणारे यंत्र, लिफ्ट, वाहते पाणी, गॅसची शेगडी, इतकेच काय अंडी फेटायचे यंत्र यांचीही भीती वाटे, असे त्यांनी नोंदवले आहे. त्याच ठिकाणी त्यांनी लिहिले की हे मूल स्वतः मात्र तितकाच मोठा आवाज आनंदाने करू शकते. अंडी फेटायच्या यंत्राच्या जागी मिक्सर ठेवा, म्हणजे हे वर्णन आपल्या स्वयंपाकघराचे होईल. तरीही संवेदनांतील या वेगळेपणाला अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या निदानसूचीत स्वतःची नोंद मिळायला २०१३ साल उजाडावे लागले. ७० वर्षे ही गोष्ट कॅनर यांच्या लेखात होती आणि निकषांच्या यादीत नव्हती, याची मला खंत वाटते.

आज या निरीक्षणाचे स्पष्टीकरण भाकिताच्या भाषेत दिले जाते. मेंदू येणाऱ्या प्रत्येक संवेदनेचा आधीच अंदाज बांधतो आणि अंदाज बरोबर आला की ती संवेदना सौम्य करतो. ताट मी आपटणार आहे, केव्हा आणि किती जोराने, हे माझ्या मेंदूला आधीच माहीत असते. मिक्सर दुसरा कोणी लावतो. लिझ पेलिकानो आणि डेव्हिड बर यांनी २०१२ मध्ये असे मांडले की स्वमग्न मेंदूत पूर्वानुभवाचा प्रभाव कमी आणि प्रत्यक्ष संवेदनेचा अधिक असतो. मूळचे दिल्लीचे आणि आता अमेरिकेतील एमआयटी विद्यापीठात असलेले पवन सिन्हा यांनी २०१४ मध्ये सहकाऱ्यांसह स्वमग्नतेकडेच भाकित करण्यातील अडचण म्हणून पाहावे, असे सुचवले. २०१७ मध्ये रेबेका लॉसन यांच्या प्रयोगात स्वमग्न प्रौढांना परिसर प्रत्यक्षापेक्षा अधिक अस्थिर भासतो असे दिसले. अनपेक्षित घटना त्यांना तितकीशी चकित करत नाही, कारण कोणत्याच गोष्टीची पक्की खात्री धरलेली नसते. ज्याला कोणत्याच आवाजाविषयी निश्चिंत होता येत नाही, त्याला दिवसभर सावध राहावे लागते.

राहिली हाक. लंडनच्या अ‍ॅना रेमिंग्टन आणि जेक फेअर्नी यांचा २०१७ चा एक प्रयोग आहे. एका संभाषणाकडे लक्ष देऊन ऐकायला सांगितले होते आणि मध्येच एक व्यक्ती “मी गोरिला आहे” असे म्हणत त्या ध्वनिचित्रातून जात होती. स्वमग्न नसलेल्यांपैकी १२ टक्क्यांना आणि स्वमग्नांपैकी ४७ टक्क्यांना ती ऐकू आली. एका वेळी अधिक ऐकण्याची क्षमता आहे, पण ती क्षमता नेहमी वापरलीच जाते. कमी मागणीचे काम असेल तर उरलेली जागा पंखा, रस्ता आणि शेजारचा दूरदर्शन यांनी भरून जाते. त्या सगळ्यांत आपली हाक हा एक आवाज असतो. गोंगाटात बोलणे वेगळे काढणे स्वमग्न व्यक्तींना अधिक कठीण जाते, हेही स्वतंत्रपणे दिसून आले आहे. म्हणून आपल्या नातेवाइकांना असे सांगता येईल की मोटर ऐकू येते आणि हाक पोहोचत नाही, या दोन्हींचे कारण एकच असू शकते.


प्रतिसाद २
लेखन : वेलांटी

मी स्वतः स्वमग्न आहे. वय ३६, राहणे डोंबिवलीला. निदान एकतिसाव्या वर्षी झाले. मी मुद्रितशोधनाचे काम करते. पान समोर आले की मजकूर कळण्याआधी चुकीची वेलांटी दिसते, दुसऱ्या टंकातला एखादा पूर्णविराम दिसतो, ओळींमधले अर्ध्या केसाएवढे कमी पडलेले अंतर दिसते. ते शोधावे लागत नाही. अर्थासाठी मात्र मला पान दुसऱ्यांदा, ठरवून वाचावे लागते. वर श्रुतिभेद यांनी लिहिलेले “अर्थ लावणे हवे तेव्हा करता येते, पण ते सक्तीचे नसते” हे वाक्य वाचून मी बराच वेळ थांबले, कारण मला माझे काम कसे होते हे आजवर इतक्या नेमकेपणाने कोणी सांगितले नव्हते.

आपल्या मुलाच्या हाकेविषयी मी आतून काही सांगू शकते. लहानपणी आई हाक मारत असे ती मला ऐकू येत असे, पण ती माझ्यासाठी आहे हे कळायला वेळ लागत असे. मी शिंपल्यांवरच्या रेषा मोजत असेन तर सगळे लक्ष त्या रेषांवर असे आणि हाक खोलीतल्या इतर आवाजांबरोबर कुठेतरी पडून राहत असे. आई जवळ येऊन माझ्या समोरच्या फरशीवर दोन बोटे टेकवी आणि मग बोलू लागे. कोणी शिकवले नसताना तिने हे शोधून काढले होते. खांद्याला हात लावला असता तर मी दचकले असते, कारण अचानक झालेला हलका स्पर्श मला आजही भाजल्यासारखा जाणवतो. घट्ट धरलेला हात मात्र बरा वाटतो. लक्ष एका वेळी एकाच वाटेने पण पूर्ण ओघाने जाते, अशी मांडणी डायना मरे, माइक लेसर आणि वेन लॉसन यांनी २००५ मध्ये केली आहे, आणि माझ्यासारख्या अनेकांना ती आपली वाटते.

एका मुद्द्यावर मी श्रुतिभेद यांच्याशी थोडी असहमत आहे. “बळ” हा शब्द मला जपून वापरावासा वाटतो. संध्याकाळी सहाच्या लोकलमध्ये एकाच वेळी चार जणांचे मोबाइल, ब्रेकची किंचाळी, कोणाच्या तरी गजऱ्याचा वास, घामाचा वास आणि पाठीला लागणारी पर्स, हे सगळे सारख्याच उंचीवर येते. त्यातले काहीही मागे सरत नाही. घरी पोचल्यावर तासभर मी बोलू शकत नाही. बोलायची इच्छा नसते असे नाही. शब्द येतच नाहीत. ज्या गुणामुळे मला प्रूफ चांगले तपासता येते, त्याच गुणामुळे ही लोकल मला सोसत नाही. मी पहाटेच्या गाडीने जाते, दुपारी परतते आणि त्यासाठी कमी मोबदल्याचे काम पत्करले आहे. “देणगी” म्हणून कौतुक करणारे पुष्कळ भेटतात. मला वेळ बदलून देणारे दोनच भेटले, आणि त्यांच्यामुळे मी आज काम करू शकते.

सूरज्ञान मारले जाईल का, या आपल्या भीतीविषयी. मला शांत खोली मिळाली तेव्हा माझी नजर बोथट झाली नाही. उलट तिचा उपयोग करायला उसंत मिळाली.


प्रतिसाद ३
लेखन : झोपाळा

मी पुण्यात अठरा वर्षे ऑक्युपेशनल थेरपिस्ट म्हणून मुलांबरोबर काम करते. वरील दोन्ही प्रतिसादांनंतर मला व्यवहाराच्या बाजूने लिहायचे आहे.

सुरुवातीला एक इशारा. आमच्या क्षेत्रात “सेन्सरी” या शब्दाखाली पुष्कळ काही विकले जाते. अमेरिकेतील जीन एयर्स यांनी सुरू केलेल्या संवेदन-एकात्मतेच्या, म्हणजे झोके, दाब, स्पर्श अशा खेळांतून संवेदनांचा मेळ बसवू पाहणाऱ्या, उपचारपद्धतीचा मी स्वतः उपयोग करते, झोपाळे आणि वजनदार गाद्या माझ्याकडेही आहेत. तरीही पालकांना हे ठाऊक असले पाहिजे की अमेरिकन बालरोगतज्ज्ञ संघटनेने २०१२ मध्ये या पद्धतीचे पुरावे मर्यादित असल्याचे सांगितले, आणि ब्रिटनमध्ये २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या मोठ्या चाचणीत ती नेहमीच्या सेवेपेक्षा सरस ठरली नाही. मुलाला झोपाळा आवडत असेल तर तो जरूर द्यावा. अमुक इतक्या सत्रांत आवाजाची भीती जाईल असे वचन देऊन आगाऊ रक्कम मागणाऱ्यापासून आणि हेडफोनवर गाळीव संगीत ऐकवून कान “सुधारणाऱ्या” महागड्या कार्यक्रमांपासून दूर राहावे, असे मी स्पष्टपणे सांगते.

कान झाकणारे मफ्स हे चांगले साधन आहे. मिरवणूक, लग्नाचा हॉल, फटाके यांसाठी ते पिशवीत असावेतच. आपल्याकडे फटाक्याच्या आवाजाची कायदेशीर मर्यादाच चार मीटरवर १२५ डेसिबल आहे, यावरून त्यांची गरज लक्षात येईल. मात्र ते दिवसभर घालू देऊ नयेत. २००३ मध्ये क्रेग फॉर्मबी आणि सहकाऱ्यांनी सामान्य ऐकणाऱ्या स्वयंसेवकांना दोन आठवडे कानांत बोळे घालून ठेवले, तेव्हा त्यांना नंतर तोच आवाज आधीपेक्षा मोठा वाटू लागला. ज्यांच्या कानांत सतत मंद, एकसुरी आवाज सोडला होता, त्यांची सहनशक्ती वाढली. कानांवर सतत शांतता लादली की मेंदू आपला आवाज वाढवून घेतो.

दुसरी टोकाची पद्धत, म्हणजे सवय व्हावी म्हणून मुलाला आवाजातच बसवून ठेवणे, ही त्याहून वाईट. शुलमाइट ग्रीन यांच्या गटाने २०१५ मध्ये स्वमग्न मुलांच्या मेंदूचे चित्रण करताना त्यांना गोंगाट ऐकवला आणि हातावर खरखरीत लोकर घासली. ज्या मुलांना अशा गोष्टींचा मुळातच फार त्रास होत असे, त्यांच्या मेंदूतील अमिग्डला, म्हणजे धोक्याची सूचना देणारा भाग, पुन्हा पुन्हा तेच घडले तरी शांत होत नव्हता. सवय होण्याची यंत्रणाच जिथे काम करत नाही, तिथे सवयीसाठी बसवणे म्हणजे मुलाला धोक्याच्या घंटेखाली बसवणे होय. याच अभ्यासात इतर काही स्वमग्न मुलांच्या मेंदूचा पुढचा भाग अमिग्डलाला आवरताना दिसला, तेव्हा आवरणे मुळीच शक्य नाही असेही नाही. त्यासाठी मुलाला वेळ आणि ताबा हाती मिळावा लागतो.

ट्यूबलाइटचे कारण अगदी साधे आहे. आपली वीज सेकंदाला ५० आवर्तने पुरी करते, म्हणजे १०० वेळा दिशा बदलते, आणि जुन्या चोकची ट्यूब त्यामुळे सेकंदाला १०० वेळा मंद-तेज होते. चोकही त्याच लयीत गुणगुणतो. इलेक्ट्रॉनिक चोक किंवा चांगल्या प्रतीचा एलईडी बसवणे हा काही शे रुपयांचा प्रश्न असतो. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात स्वमग्नतेचा समावेश आहे आणि शाळेने वाजवी सोय करून दिली पाहिजे असेही त्यात आहे. नव्या शाळेत विनंती लेखी द्यावी, तिची पोच घ्यावी आणि पत्रात निदानाबरोबरच “मागच्या भिंतीजवळची, दिव्यापासून दूरची जागा” असे नेमके शब्द वापरावेत. माझा अनुभव असा आहे की “मुलाला समजून घ्या” अशा पत्रांचे काही होत नाही, पण जागा नेमकी सांगितली की शिक्षक ती बहुधा देतात.

आणि मिक्सर. ताटे त्याला चालतात याचा अर्थ त्याने आपल्याला उपाय सांगून ठेवला आहे. मिक्सरचे बटण त्याच्या हाती द्या. पहिले दोन-तीन दिवस भांडे न लावता आणि प्लग न जोडता नुसते बटण फिरवू द्या. मग प्लग जोडून, अगदी क्षणभर फिरवून लगेच बंद करू द्या. किती वेळ चालवायचा हे बोटांवर मोजून आधी ठरवा आणि ठरलेल्यापेक्षा एक क्षणही अधिक चालवू नका. एकदा शब्द मोडला तर पुन्हा पहिल्या दिवसापासून सुरुवात करावी लागते. तो नको म्हणाला तर त्या दिवशी चटणी खलबत्त्यात कुटा.


प्रतिसाद ४
लेखन : गोदाकाठ

तीन आठवड्यांनी लिहिते आहे. वेलांटीताई, तुमच्या आईची दोन बोटे मी उचलली. तो चित्र काढत असताना कागदाशेजारी बोटे टेकवते, मनात पाच मोजते आणि मग नाव घेते. दहा वेळांतून सात-आठ वेळा तो मान वर करतो. माझ्या नणंदेने हे स्वतः पाहिले आणि त्यानंतर “सगळं कळतं त्याला” हे वाक्य तिच्या तोंडून मी ऐकलेले नाही. शाळेला पत्र दिले, पोच घेतली, मागच्या भिंतीजवळची जागा मिळाली.

मिक्सरला वेळ लागला. पहिले सहा दिवस प्लग जोडलाच नाही. सातव्या दिवशी जोडला, तेव्हा त्याने ओट्यापासून हात लांब केला आणि फक्त करंगळी बटणावर ठेवली. त्या दिवशी त्याने ते फिरवले नाही, मीही फिरवले नाही. नारळ खवून खोबरे तसेच फ्रीजमध्ये ठेवून दिले. दहाव्या दिवशी त्याने बटण फिरवले आणि लगेच बंद केले. एक हात बटणावर असल्यामुळे त्याला एकच कान झाकता येत होता; दुसरा कान त्याने खांदा वर करून त्यावर टेकवला होता. आम्ही तीन मोजायचे ठरवले होते, त्याने एकालाच बंद केले. मी काही बोलले नाही. त्याने पुन्हा फिरवले आणि या वेळी तीन पुरे केले.

काल चटणी त्याने वाटली. मिक्सर बंद केल्यावर त्याचा आवाज जसजसा खाली उतरत थांबतो तसतसा तो हळू आवाजात गुणगुणत होता, आणि मग हात न धुताच आजोबांच्या पेटीकडे गेला. काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांवर खोबऱ्याचे बोट उमटले आहे. सासऱ्यांनी ते अजून पुसू दिलेले नाही.